विहिरीसमोरचं मिनिट

लोकांचं बोलणं टिपण्यावर माझं पोट आहे, आणि लोकांच्या बोलण्यावर माझा काडीचा भरवसा नाही. मी माहितीपट करते. दोन वर्षांपूर्वी लोणारपलीकडच्या एका गावातल्या जुन्या विहिरीवर काम चाललं होतं. ते माझ्या मायचं माहेर.

पहिल्या दिवशी गावानंच माझ्यावर संशय घेतला. महामार्गात जमिनी गेल्यापासून कॅमेऱ्याची तिवई दिसली तरी लोकांना मोजणीवालेच आठवतात. "आता कोनाचं वावर घेऊन राह्यले?" एकानं तोंडावर विचारलं. मामा अजून तिथंच राहतो, त्यानं मध्ये पडून ओळख पटवली.

दुसऱ्या दिवसापासून संशय घ्यायची पाळी माझी होती. ज्याला विचारावं तो म्हणे, "आमच्या गावात भेदभाव नव्हता. सगळे याच विहिरीवर पाणी भरत." तेच शब्द, तीच मान डोलावणं. एक म्हातारा अडखळला, तर मागून दुसऱ्यानं वाक्य पुरं करून दिलं. कुठंतरी पाणी मुरतंय हे कळायला फार अक्कल लागत नव्हती. मामाला बाजूला घेऊन विचारलं, तर त्यानंही तीच री ओढली. मला त्याचा भयंकर राग आला.

कारण मायनं लहानपणी मला वेगळंच सांगितलं होतं. आपल्या वस्तीतल्या बायका कळशी घेऊन विहिरीपासून लांब उभ्या राहत. कुणी शेंदून वरून ओतलं तर पाणी, नाहीतर ताटकळत राहा. तहान लागलीच तर ओंजळ धरायची. हे ती कॅमेऱ्यासमोर बोलली नाही, तर माझी फिल्म गावाचंच खोटं जगाला दाखवणार होती. म्हणून मी तिला नांदुऱ्याच्या घरून घेऊन आले.

विहिरीसमोरच्या मोठ्या घराच्या ओट्यावर तिला बसवलं. त्या घरातली म्हातारी तिच्याच वयाची. दोघी एकमेकींना ओळखून हसल्या, पण ते हसू मला काही खरं वाटेना. मामा खांबाला टेकून उभा होता.

"माय, या विहिरीवर पाणी कोण भरायचं?"

मायनं एकदा मामाकडं पाहिलं. मग कॅमेऱ्याकडं पाहून ती म्हणाली, "सगळेच भरत."

माझं टाळकंच फिरलं. इतक्या लांबून तिला काय यासाठी आणलं? पण चारचौघांत आईशी काय भांडणार? "आता एक मिनिट कोणी बोलू नका," मी जरा तोडूनच म्हटलं. "कॅमेरा चालूच आहे. जागेचा नुसता आवाज घ्यायचाय." आमच्या कामात हे प्रत्येक ठिकाणी करावंच लागतं. बोलणं जोडताना मधल्या फटी त्या शांततेनं भरता येतात.

सगळे गप्प झाले. ऊन मी म्हणत होतं. म्हातारी उठली आणि आतून तांब्याभर पाणी आणि स्टीलचा गिलास घेऊन मायसमोर आली. बोलायचं नव्हतं, म्हणून तिनं गिलास नुसता पुढं केला.

मायनं तो घेतला नाही. ती वाकली आणि तिनं दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी धरली.

म्हातारीचा तांब्याचा हात आपोआप वर गेला. वरून बारीक धार सुरू झाली, हाताला हात लागणार नाही एवढ्या अंतरावरून. माय पीत राहिली. पाणी थेंबभरही सांडलं नाही. मग म्हातारीला दुसऱ्या हातातला रिकामा गिलास दिसला आणि तिचा चेहरा पार उतरला. मामानं मान खाली घातली. ते मिनिट सरेपर्यंत मी श्वाससुद्धा जपून घेतला.

परतताना एसटीत मी विचारलंच. "माय, खोटं काऊन बोलली वं?"

"तू फिल्म करून निघून जाशीन. माह्या भावाले तिथंच राहाचं हाय."

 पण एक गोष्ट मनातून जाईना. घरी माय तांब्याला तोंड लावून पाणी पिते, मी चिडले तरी ऐकत नाही.

"तू घरी कधी ओंजळीनं पाणी पेते?"

तिनं खिडकीकडं तोंड फिरवलं.

"तूच तं म्हणली होती ना, कोणी बोलू नका. मी कुठं बोलली?"