माडीवरचा भाडेकरू

२०१४ साली परदेशात, हॅमिल्टनमध्ये, आमच्याकडे गाडी एकच होती आणि ती नवरा ऑफिसला घेऊन जाई. मला चालवता येत नव्हती, नोकरी मिळत नव्हती, आणि बस अशी की तिची वाट बघण्यापेक्षा घरात कुढत बसलेलं बरं. दिवसभर मी हीटरसमोर बसून स्वतःवरच चिडत असे.

भिंतीपलीकडच्या युनिटमध्ये एक मल्याळी आंटी होत्या. मुलगी हॉस्पिटलात नर्स, तिचं बाळ सांभाळायला आलेल्या. सगळा संसार चेंबूरला झालेला, त्यामुळे आमचं मुंबईच्या हिंदीत मस्त जमलं. बाळ झोपलं की त्या मला गोष्ट सांगत. लग्नाआधी केरळात तांदळाच्या डब्यात लपवून वाचलेल्या एका चावट साप्ताहिकातली कादंबरी. नवरा आखातात, खाली सासू, माडीवर भाडेकरू, आणि मधे ती बाई.

आंटी शिस्तीच्या. आठवड्याला एकच प्रकरण, शुक्रवारी, आणि साप्ताहिक जिथे थांबायचं तिथेच त्याही थांबत. कितीही गयावया केली तरी पुढे एक शब्द नाही. ताकाचा पेला घेताना भाडेकरूचं बोट तिच्या बोटाला लागायलाच अख्खा हिवाळा गेला. मी त्या बोटावर दिवस काढले.

मधल्या दिवसांत दम निघेना म्हणून मी फोनवर हल्लीच्या तसल्या गोष्टी शोधल्या. पहिल्या ओळीत कपडे उतरलेले, तिसरीला मला जांभई. त्यातली एक आंटींना सांगून पाहिली. त्यांनी शांतपणे विचारलं, या लोकांच्या घरी सासू नाही का, शेजारीपाजारी नाहीत का? मग घाबरायचं कुणाला? आणि घाबरायचंच नसेल तर जीव वरखाली कशाला होईल? मला ते पटलं.

आंटींचा व्हिसा संपत आला तशी मी हट्टाला पेटले. ती बाई भाडेकरूबरोबर जाते की नाही, एवढं मला कळायलाच हवं होतं. कुणीतरी एकीने तरी घरातून निघावं, असं मला फार वाटत होतं.

शेवटच्या शुक्रवारी बाळाच्या झबल्यांच्या घड्या घालता घालता आंटींनी सांगून टाकलं की शेवटची प्रकरणं त्यांनी वाचलेलीच नाहीत. गोष्ट ऐन रंगात असताना त्यांचं लग्न झालं, आणि चेंबूरच्या घरात असलं काही आणायची सोय नव्हती. बोट लागल्यानंतरचं सगळं त्यांनीच रचलेलं होतं.

"मग काढा ना तिला बाहेर," मी म्हणाले. "तुमच्याच तर हातात आहे."

"किती वर्षं काढतेय, बेटा. फाटकापर्यंत आणते. पुढे बाई एकटी कुठे जाते, काय करते, मला ठाऊकच नाही. मग परत आत नेते."

मला रडू फुटलं. आंटी घड्या घालत राहिल्या.

रविवारी त्यांना विमानतळावर सोडायला जावयाने गाडी काढली. सामानच इतकं होतं की मला बसायला जागा उरली नाही. मी फाटकापर्यंत गेले.