आबा गुळव्याची एकच गोळी

च्या घेतला का? घ्या, गुळाचा हाय. आन् पिता पिता ऐका, म्हंजे मला तुमच्या तोंडाकडं बघावं लागणार न्हाई. ह्या गुळापायी मी जे शाणपण पाजळलंय, ते आठवलं की आजबी कान तापत्यात. लोकं लय हसत्यात. तुमीबी हसा. मला मधी मधी हसू येत न्हाई, तेवढं संभाळून घ्या.

मी गुळव्या. कराडच्या खाली कृष्णाकाठी आमचं गाव, आन् गावात उरलेलं एकच गुऱ्हाळ, ते आमचं. बाकी समद्यांचा ऊस कारखान्याला. उसाचा रस मोठ्या काहिलीत आटत असतो, आन् ती काहील नेमकी कवा उतरायची हे सांगतो तो गुळव्या. जरा आधी उतरली तर ढेप बसत न्हाई, जरा उशीर झाला तर करपली! मी पाकाचा थेंब गार पाण्यात सोडायचो, त्याची गोळी वळायचो, पत्र्यावर आपटायचो. टण्ण वाजली की हात वर. बास! गडी काहील उतरवून निवायला वतायचं.

आज्जा गुळव्या, बाप गुळव्या, मी गुळव्या. कुणी इचारलं, "आबा, कसं वो कळतं तुमाला?" की मी मिशीवरनं हात फिरवून सांगायचो, "शिकून येत न्हाई हे, गड्या. रक्तात असावं लागतं."

किती येळा सांगितलं असंल? देवालाच ठावं.

तीन वर्सामागं माझ्या पोराचं, संतोषचं, लगीन झालं. सून सुजाता, लोणंदची. तिचं वडील रेल्वेत व्हतं, आता रिटायर. म्हंजे घरात ऊस न्हाई, गुऱ्हाळ न्हाई, काय न्हाई. आन् ही पोरगी पहिल्याच हंगामात काहिलीपाशी येऊन मला इचारती,

"आबा, गोळी वाजती तवा तुमी नेमकं काय ऐकता?"

"ते सांगता येत न्हाई, पोरी. कळावं लागतं."

"मग मला कसं कळंल?"

"तुला कशाला कळाय पायजे? तू लोणंदची! तिथं गाडीची शिट्टी ऐकायची!"

गडी खो खो हसली. हसण्याच्या भरात मी चारचौघांत शपथच घेतली, की घराण्याबाहेरचा हात ज्या दिवशी काहिलीवर पडंल, त्या दिवशी गुऱ्हाळ बंद करीन. कुणी मागितली व्हती का शपथ? पर आमाला दम कुठला!

त्यानंतर घरात एक नवीनच पीडा सुरू झाली. भांडी करपायला लागली. आज दुधाचं पातेलं काळं, उद्या कढई काळी, परवा माझा आंघुळीचा तांब्याबी काळा! मोरीत बघावं तर सुजाता राख घेऊन घासत बसलेली, बोटांना फोड आलेलं. मी बायकोवर वरडायचो, "अगं, काय चाललंय काय हे?"

"आवं, असू द्या. पोर शिकतीया," बायको म्हणायची.

"वरीस झालं शिकतीया, दोन वर्सं झाली शिकतीया! पातेलं न जाळता च्या तरी येतो का हिला?"

आता खरं सांगायचं तर भाकरी फर्मास करायची पोरगी. आमटीबी चांगली. पर करपलेलं पातेलं दिसतं वो, चांगली आमटी कुणाच्या ध्यानात ऱ्हाती?

गेल्या हंगामात माझा मोतीबिंदू पिकला. कराडच्या डॉक्टरनं ऑपरेशन केलं आन् सांगितलं, दीड महिना धूर न्हाई, जाळ न्हाई, गुऱ्हाळाकडं फिरकायचं न्हाई. ऐन हंगामात! गुऱ्हाळ गेलं संतोषच्या हवाली. आन् संतोष म्हंजे काय? काहिलीखाली उसाची वाळकी चिपाडं सारून जाळ घालणारा गडी. पाकाची गोळी त्यानं जन्मात वळली नव्हती. मी काळा चष्मा लावून पडून ऱ्हायचो आन् मनात म्हणायचो, संपलं. आज्जानं चालू केलं, मी बुडवलं.

आठ दिवसांनी बायकोनं ढेपंचा तुकडा हातात दिला. तोंडात टाकला आन् उठूनच बसलो! सोन्यासारखा रंग, कणी अशी की जिभंवर मोजावी. मी तरणेपणी काढला असंल असा गूळ, त्यानंतर न्हाई.

"कुणी काढला गं?"

"गुऱ्हाळावरच काढला की," बायको म्हणली.

"संतोषनं?"

तिनं पदरानं तोंड पुसलं. "संतोष हाय की तिथं."

बघा! बाई एक शब्द खोटं बोलली न्हाई.

माझं डोळं भरून आलं. डॉक्टरनं रडायचं न्हाई म्हणून सांगितलं व्हतं, तरी रडलो. सांजच्याला संतोष आला तर त्याला मिठीच मारली. "वळखलं व्हतं मी! रक्त बोलतं, रक्त!"

"आबा, जरा ऐकून घ्या. मला ह्यातलं काय येत न्हाई."

"खऱ्या गुळव्याला असंच वाटतं, लेका."

"आबा, खरंच येत न्हाई. आईची शपथ."

"माझा बाप असाच व्हता. स्वतःचं कौतुक आवडायचं न्हाई!"

त्यो बिचारा आईकडं बघायला लागला, आई छताकडं. माझी ती गुऱ्हाळ बंद करायची शपथ दोघांच्या डोक्यात, आन् डॉक्टरनं सांगितलेलं की म्हाताऱ्याला तरास देऊ नका. बोलणार कोण? मी मात्र फोन घेऊन बसलो. कराड, इस्लामपूर, फलटण, पाहुणं म्हणून एक सोडलं न्हाई. समद्यांना पोराचं कवतिक.

त्यातनं पुण्याचं एक शेठ आलं. बिनरसायनाचा गूळ इकणारं. त्यांनी आमचा गूळ खाल्ला आन् म्हणलं, "आबा, दर हंगामाचा सगळा गूळ आम्ही उचलतो. फक्त एक काहील आमच्यासमोर निघू द्या. येत्या गुरुवारी येतो."

आता हे काय साधं न्हवतं. गिऱ्हाईक बांधलेलं नसंल तर पुढच्या सालापासनं आमचाबी ऊस कारखान्याला घालायचा, असं मी ठरवून बसलो व्हतो. म्हंजे गुऱ्हाळाचं जगणं-मरणं त्या एका काहिलीवर व्हतं. आठ गड्यांची चूल त्यावर व्हती. मी छाती ठोकून म्हणलं, "या शेठ. माझा पोरगा काढंल."

आन् मग मला अक्कल सुचली. शेठ जेवायला थांबणार. सुजातानं त्या दिवशी बी काय करपवलं तर? मी सरळ लोणंदला व्याह्यांना फोन लावला. "पोरीला पंधरा दिवस न्या. आईच्या हाताखाली जरा सैपाक शिकवा आन् मग पाठवा."

व्याही म्हणलं, "बरं आबा. आमचंच काय तरी कमी पडलं असंल."

ते वाक्य आजबी मला टोचतं, खरं सांगतो.

दुसऱ्या दिवशी सुजाता पिशवी घेऊन निघाली. पाया पडली. दारात थांबून म्हणली, "आबा, अवकाळी पाऊस झालाय. रस पातळ असंल गुरवारी. ह्यांना म्हणावं, घाई करू नका."

"तू तुझ्या सैपाकाचं बघ!" मी म्हणलं.

गुरवार उजाडला. मी डॉक्टरला न इचारता काळा चष्मा लावून गुऱ्हाळावर खुर्ची टाकून बसलो, शेजारी शेठ. काहील रटरटायला लागली. आन् आमचा थोर गुळव्या काय करतोय? कपाळावर घामाच्या धारा, एका हातात झारा आन् दुसऱ्या हातात फोन! फोन त्यानं काहिलीवर धरलेला.

"संत्या, ठेव तो फोन!"

"आबा, जरा गरजंचा हाय."

तेवढ्यात फोनातनं आवाज आला, "बुडबुडं दावा. आणखी जवळ न्या. न्हाई, अजून बारीक झालं न्हाईत. गोळी टाका. वाजवा. मऊ हाय वो अजून."

आवाज वळखीचा! मी उठलो, फोन हिसकावून घेतला, चष्मा वर करून बघितलं. सुजाता. लोणंदच्या घरात, वही मांडीवर घेऊन बसलेली. मला वाटलं आता ही लाजंल, घाबरंल, पदर घेईल. कशाचं काय! ती म्हणली,

"आबा, बाजूला व्हा. काहील दिसंना."

शेठ फिसकन हसलं. गडी हसली. माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला म्हणता! फोन बंद केला आन् संतोषच्या खिशात कोंबला. "लोणंदला बसून कराडचा गूळ उतरतो व्हय? सरक तिकडं!"

चष्मा काढला. डोळा नवा, धूर जुना, पाणी यायला लागलं. तरी थेंब पाण्यात टाकला, गोळी वळली, आपटली. टण्ण! म्हंजे, मला तरी टण्णच ऐकू आलं. हात वर केला.

"आबा, अजून एक टाकून बघा," संतोष काकुळतीला आला.

"मी एकच टाकत असतो!"

काहील उतरली, पाक निवायला वतला, मग साच्यात भरला. तास गेला, दीड तास गेला. शेठनी दोनदा घड्याळ बघितलं. शेवटी मी साचा पालथा केला. आन् ढेप बसायच्या ऐवजी चालायला लागली! फरशीवरनं हळूहळू शेठच्या बुटाकडं निघाली.

शेठ सज्जन माणूस. वाकले, बोट बुडवलं, चाटलं. म्हणाले, "काकवी छान झाली आहे, आबा." आन् गाडीत बसून गेले. जेवायलाबी थांबले न्हाईत.

सांजच्याला मी भिंतीकडं तोंड करून बसलो. बायको शेजारी येऊन बसली. म्हणली, "आता डॉक्टर काय बी म्हणू दे, तुमी मेलाव तरी चालंल, पर ऐका. त्या करपलेल्या भांड्यांत सैपाक नव्हता कवाच. रस व्हता."

"कसला रस?"

"उसाचा. तीन वर्सं झाली. तुमी दुपारचं आडवं झालात की पोरगी तांब्याभर रस चुलीवर ठेवती. हंगाम नसंल तवा काकवी पातळ करून घेती. एक दिवस मुद्दाम लवकर उतरती, एक दिवस मुद्दाम उशिरा, काय हुतं बघाय. मग डोळं मिटून बसती आन् मला म्हणती, आई, गोळ्या वाजवा. मी वाजवायची, तिनं वळखायचं, मऊ का कडक. आदी धा गोळ्यांत सात चुकायच्या. चुकली की वहीत लिवायची, कशानं चुकलं ते, आन् दुसऱ्या दिवशी तेवढंच परत. तुमी पडून व्हता तवा गूळ तिनंच काढला."

"पर तिच्या रक्तात..."

"आवं, कसलं रक्त घेऊन बसलाय!" पस्तीस वर्सांत बायको माझ्यावर अशी वरडली नव्हती. "तुमी काय आईच्या पोटातनं गोळी वाजवत आलाव? मामंजींनी काहिलीपाशी सहा वर्सं बसवलं तुमाला. चुकलं की चिपाड पाठीत. मी नवी नवरी व्हते, सासूबाई तुमच्या पाठीला हळद लावायच्या ते बघितलंय मी!"

खरंच व्हतं. बाप रोज माझ्याकडनं गोळ्या वळून घ्यायचा, एकेक आपटायला लावायचा, आन् इचारायचा, काय ऐकलंस? सांगता आलं न्हाई की परत. मी ती सहा वर्सं साफ इसरून गेलो व्हतो. आन् गेली दोन-तीन सालं, डोळ्यावर पडदा आल्यापासनं, मी नुसता नावावर गूळ काढत व्हतो. रंग उतरला की ऊसच वाईट, म्हणायचो. त्या रातीला मला माझीच लय लाज वाटली.

सकाळी कराडात रेल्वे धरली आन् लोणंद गाठलं. व्याही अंगणात व्हतं, पाणी द्यायला धावलं. मी टोपी काढून हातात घेतली. म्हणलं, "तुमचं काय कमी पडलं न्हाई. कमी माझ्यात हाय. फोनवर बोललो ते पोटात घाला." त्यांचं डोळं भरलं, माझंबी भरलं. दोघं म्हातारं अंगणात उभं राहून रडतोय, समोरच्या स्टेशनावरचं लोक बघत्यात. बघू दे.

सुजाता बाहेर आली. मी म्हणलं, "पोरी, चुकलो. घरी चल."

तिनं आधी काय इचारावं? "गोळ्या किती टाकल्या, आबा?"

"एक."

"एकच?"

"व्हय."

"मला चौदा लागत्यात," ती म्हणली. टोमणा न्हवं हां, खरंच नवल वाटलं तिला.

तर सुजाता आली. शेठना तिनं स्वतः फोन केला, सरळ सांगितलं, मागची काहील आबांनी काढली, आता मी काढते, या. ते आले. तेरा गोळ्या वाजल्या, चौदावीला तिनं हात वर केला, आन् ढेप अशी बसली की शेठनी साच्याभवती दोन फेऱ्या मारल्या. सौदा झाला. गडी कवा कवा मला चिडवत्यात, "आबा, ती शपथ वो?" मी म्हणतो, "जाळ घाला गुमान!"

मी काय करतो आता? सांगतो. रोज सकाळी पहिली काहील चढायच्या आदी गुऱ्हाळावर जातो. सुजाता मला काहिलीकडं पाठ करून बसवती आन् गोळ्या वाजवती. मी सांगायचं, मऊ का कडक. धा गोळ्या. चुकलं की वहीत लिवती. काल चार चुकल्या.

परवा कृषी कॉलेजच्या पोरी गुऱ्हाळ बघाय आल्या व्हत्या. मी आपला भिंतीकडं तोंड करून, डोळं मिटून, कान टवकारून बसलेलो. एकीनं सुजाताला हळूच इचारलं, "ताई, हे आजोबा काय करतायत?"

"शिकत्यात," सुजाता म्हणली.

"या वयात? जमेल त्यांना?"

सुजातानं माझ्याकडं बघितलं असंल, मला दिसलं न्हाई. पर ऐकू आलं.

"जमंल की," ती म्हणली. "रोज येत्यात."