जुम्मे की रात

या सदरात तुम्ही लोक जे लिहून राह्यले ना — पांढरी साडी, उलटे पाय — ते वाचून मला धड हसूही येत न्हाई. भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नव्हता, आजही न्हाई. पण हे माझ्यासोबत घडलं, म्हणून लिहितो.

निजामाचं राज्य होतं. जुन्या जालन्यात, बाजारामागच्या बोळात आमचं घर. मी सतरा वर्षांचा, स्वतःला मोठा गवय्या समजणारा गाढव. पेटी होती, पण तिची एक पट्टी मुकी. अंधार पडल्यावर माडीवर वाजवायला बसलो की त्या पट्टीशी सूर तुटायचा... आणि समोरच्या छतावरून बांगडीवाल्याची सकीना तेवढाच सूर गाऊन द्यायची. आमचं प्रेम म्हणजे एवढंच.

एकदा तिच्या बापाच्या दुकानापाशी ती हळूच म्हणाली, "अब्बा हैदराबाद लेको जारैं. तुम हौ बोले तो मैं फूफी के घर रुक जातियूं. जुम्मे की रात को पेटी बजाओ. बजी तो हौ समझतियूं."

मी उर्दू शाळेतला दीडशहाणा. जुम्मा म्हणजे शुक्रवार, हे बराबर ठाऊक. गुरुवारी खुशाल घोरत पडलो. शुक्रवारी रात्री जीव ओतून वाजवलं. मुक्या पट्टीशी थांबलो... समोरून सूर आला. तिचाच. तीनदा वाजवलं, तीनदा आला. इतका आनंद मला पुन्हा झाला न्हाई.

सकाळी पाहतो तर समोर कुलूप. शेजारच्या अत्तरवाल्या चाचांना विचारलं.

"वो लोगां तो कल सुबू फजर की गाडी से गए. लडकी परसों पूरी रात छत पे बैठी थी."

"पण जुम्मे की रात तर काल होती, चाचा."

"नै बेटा. हमारा दिन मगरिब से लगता, सूरज डूबते ही. जुम्मे के पैले की रात, वोच जुम्मे की रात."

मंग लोकांनी अक्कल पाजळली. कुणी म्हणे पारवा घुमला असंल, कुणी म्हणे भास. पारवा काय पेटीच्या सुरात घुमतो? आणि कुलूप तर मी स्वतः ओढून पाह्यलं होतं.

तो सूर कुणी लावला, ते आजवर कळलं न्हाई — आणि खरं सांगू, त्याची मला भीतीही वाटत न्हाई. लाज वाटते ती गुरुवारच्या झोपेची. मला माझं उत्तर मिळालं. ती मात्र माझं 'न्हाई' घेऊन गेली.