केक कुणी आणायचा

विब्के हार्म्सनने चाळीस वर्षं जर्मन सिनेमा आणि टीव्हीसाठी कॅमेरा सांभाळला. हॅम्बुर्ग बंदरावरच्या पोलिसी मालिका, दवाखान्यातल्या रडक्या मालिका आणि दोन-तीन खरोखर चांगले चित्रपट. निवृत्तीच्या समारंभात कुणीतरी म्हणालं, "विब्केच्या नजरेतून काही म्हणजे काही सुटत नाही." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. 

विब्केला मात्र चौऱ्याऐंशी साल आठवलं. तेव्हा ती छायाचित्रकार गेरोल्ड थीसनच्या हाताखाली मदतनीस होती. फिल्मचा जमाना. कॅमेऱ्यात फिल्म ज्या बारक्या खिडकीपुढून सरकते, तिथे एखादा तंतू अडकला तर तो पडद्यावर दोरखंडासारखा वळवळतो. म्हणून प्रत्येक शॉटनंतर विब्केने बॅटरी आणि भिंग घेऊन आत डोकवायचं आणि 'साफ' म्हणायचं. तंतू दिसलाच, तर शॉट पुन्हा.

गेरोल्डच्या युनिटचा एक नियम होता. ज्याचं चुकलं त्याने दुसऱ्या दिवशी सगळ्यांना केक आणायचा. केक संपला की चूकही संपली, मग ती कुणी उकरून काढायची नाही. डबा दिसला की गेरोल्ड विचारायचा, "काय, कुणाचं चुकलं?"

त्या दिवशी म्हाताऱ्या ब्रांडिसच्या निरोपाच्या दृश्याचं चित्रण होतं. अठ्ठ्याहत्तर वर्षांचा नट, दम लागलेला, दोनदा वाक्यं विसरलेला. तिसऱ्या खेपेला त्याने असं काम केलं की दिवेवालेसुद्धा डोळे पुसू लागले. विब्केने आत पाहिलं. खालच्या कडेला तंतू होता.

"पोरी, झालं ना गं?" ब्रांडिसने खुर्चीत टेकत विचारलं.

"साफ," विब्के म्हणाली.

दया म्हणून बोलली, हे खरं. पण चार दिवसांनी पडद्यावर तो तंतू म्हाताऱ्याच्या हनुवटीवर नाचू लागला, आणि ब्रांडिस तोवर इस्पितळात पोचला होता. शॉट पुन्हा घेणं शक्य नव्हतं. "कुणी तपासलं होतं?" दिग्दर्शक कडाडला. विब्के पडद्याकडेच पाहत राहिली.

"मी," गेरोल्ड म्हणाला. "शेवटी मीच पाहिलं होतं."

दुसऱ्या दिवशी त्यानेच केक आणला, साखर-बदाम पसरलेला, लोण्याचा. विब्केनेही एक तुकडा खाल्ला.

त्या दिग्दर्शकाने पुढच्या मालिकेला गेरोल्डला घेतलं नाही. विब्केला मात्र ठेवून घेतलं, आणि तीन वर्षांत कॅमेरा तिच्या हाती आला. गेरोल्ड गावाकडच्या बातम्यांसाठी डुकरांचे बाजार टिपत म्हातारा झाला. यात न्याय कुठे बसतो, हे ज्याला कळेल त्याने मलाही सांगावं.

समारंभानंतरच्या रविवारी विब्केने केक भाजला आणि हुझुम गावाची गाडी पकडली. समुद्राच्या बांधामागे गेरोल्डचं घर होतं. नव्वदीला टेकलेला, पण डोकं शाबूत. तिने टेबलावर डबा ठेवला. त्याने झाकण उचललं.

"काय, कुणाचं चुकलं?"

"माझं," विब्के म्हणाली. "चौऱ्याऐंशी सालचं. मला तंतू दिसला होता, गेरोल्ड."

त्याने झाकण बाजूला ठेवलं.

"ठाऊक आहे. 'साफ' म्हणताना तू माझ्याकडे बघितलं नाहीस."

"मग तेव्हाच का नाही बोललात?"

"ब्रांडिसकडे बघून मीही खोटंच बोललो असतो. त्या खोट्याचा राग नाही आला. पण वाटलं, पोरगी केक घ्यायला हात पुढे करेल आणि तेवढ्यात बोलेल. तू नुसतीच बशी पुढे केलीस."

विब्केला रडू आवरेना. गेरोल्डने उठून दोन बशा आणल्या आणि सुरी तिच्या हातात दिली.

"काप आता," तो म्हणाला. "आणि या खेपेला पहिला तुकडा मला."