सोनाकाकीच्या टोपलीतली पाटली

मूर्खपणा आधीच कबूल करते. माझा भुताखेतांवर कधीच विश्वास नव्हता, चोरांवर मात्र भारी! आणि तेव्हा मी तरुण होते हो... अवघी बासष्ट.

रत्नागिरीजवळ पालीला सूनबाईंनी मुक्काम बुक केला होता. त्यात एक ‘ॲक्टिव्हिटी’ होती, हातानं मागूर पकडण्याची. मागूर म्हणजे पऱ्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, काठाखाली बिळात दडणारा मिशाळ, बुळबुळीत मासा. शिकवायला गावातली सोनाकाकी, माझ्याहून दहा वर्षांनी मोठी.

“हातातला सगला काढा नि माज्या टोपलीत ठेवा. मागराकडं रिकाम्या हातानं जायचा.”

सगळ्यांनी अंगठ्या, घड्याळं काढली. नात म्हणाली, “आजी, पाटली!”

“निघत नाही गं,” मी थाप मारली. आईची सोन्याची पाटली अनोळखी टोपलीत? छे!

गुडघाभर पाण्यात बसून मी बिळात हात घातला. काहीतरी थंड, मऊ तळव्यावरून सरकलं... हावरटासारखा हात कोपरापर्यंत रेटला, आणि पाटली जांभ्या दगडाच्या कपारीत अडकली. घाबरून मूठ आवळली, मग तर हात हलेचना. तेवढ्यात वर डोंगरात पाऊस झाला असावा. पाणी गढूळलं, छातीशी आलं, मग हनुवटीशी. सोनाकाकी दोन्ही हातांनी माझं डोकं वर धरून उभी.

“ओढू नको, बाय. ढिला सोड.”

मी डोळे मिटले. पाण्याचा आवाज लांब गेला. सगळीकडे हिरवट उजेड... आणि आत, बिळात, कुणीतरी माझी मूठ उघडली. बोटांनी! कासार बांगडी भरताना अंगठा आत दुमडून हात चेपतो ना, तसं. अगदी सावकाश. त्याला कसलीच घाई नव्हती. पाटली सरकली, हात सुटला.

काठावर आल्यावर जीव वाचल्याचं राहिलं बाजूला, मी पाटलीसाठी रडले... निर्लज्ज!

टोपली पलीकडे उंच कातळावर होती. तिकडे कुणी फिरकलं नव्हतं, सोनाकाकी तर माझ्यापाशीच होती. नात घड्याळ आणायला गेली आणि किंचाळली. सगळ्यांच्या वस्तूंवर माझी पाटली. ओली, चिखलानं माखलेली.

या गोष्टीला आठ वर्षं झाली. माझे इंजिनियर चिरंजीव म्हणतात, “लाटेनं उडाली असेल.” त्यांना तेवढंच सुचतं, मला तेवढंही सुचत नाही.

त्या दिवशी मान खाली घालून मी सोनाकाकीला खरं सांगितलं, की पाटली निघत होती, मीच काढली नव्हती. ती पदर पिळत हसली आणि तिनं बिळाच्या दिशेनं हात केला.

“म्हायती हाय मला, बाय. तुजा माज्यावर भरवसा नव्हता. त्येचा हाय.”