पारूबाईंच्या घरातले एक मिनिट

१. विंझरला चित्रपटाचे चित्रीकरण झाले. ध्वनिमुद्रण श्री. विठोबा शिळीमकर, म्हणजे आपले नाना, यांनी केले. मी त्यांची सहायक होते.
२. गावातल्या पारूबाईंनी आजीचे काम केले. त्यांचे बोलणे नानांनी जागेवरच मुद्रित केले.
३. ते शहरातल्या प्रेक्षकांना कळणार नाही, म्हणून दुसऱ्या अभिनेत्रीचा आवाज घालायचे दिग्दर्शकांनी ठरवले. नानांनी नकार दिला आणि काम सोडले.
४. ते काम मी पूर्ण केले.
५. पडद्यावर ध्वनीसाठी माझे एकटीचे नाव आले. मी हरकत घेतली नाही.

नानांच्या पंचाहत्तरीच्या अंकासाठी समितीने माझ्याकडे लेख मागितला आणि गोड लिहा असे सुचवले. वरच्या पाच ओळी वगळून मला लिहिता येत नाही.

नाना मला प्रथम भेटले ते नसरापूरच्या एसटी थांब्यावर. मी नुकतीच ध्वनितंत्राचे शिक्षण संपवून आले होते. त्यांनी मांडीवरच्या यंत्राचे हेडफोन मला दिले आणि काय ऐकू येते ते विचारले. मी सात आवाज सांगितले. आठवा त्यांनी सांगितला. माझी चप्पल फरशीवर घासत होती. दुसऱ्याचा आवाज घ्यायचा तर आधी आपला थांबवावा, एवढेच ते म्हणाले.

पानशेतला युनिटमधले एक गृहस्थ म्हणाले, पोरीला बूम झेपायची नाही, तिला चहाकडे बघू द्या. बूम म्हणजे माइक लावलेली लांब काठी. नानांनी ती माझ्या हाती दिली आणि दिवसभर स्वतः माझ्यामागे केबल सांभाळत फिरले.

प्रत्येक जागेचे काम संपले की नाना सर्वांना स्तब्ध उभे करून तिथली शांतता एक मिनिट मुद्रित करत. पुढे संवादांमधल्या फटी त्या शांततेने भरायच्या असतात. "चला, नानांची श्रद्धांजली सुरू झाली," असे टोमणे येत. पारूबाईंच्या स्वयंपाकघरातही ते मिनिट त्यांनी घेतले होते.

विंझरच्या शाळेत चित्रपट दाखवला तेव्हा पारूबाई पुढेच बसल्या होत्या. थोड्या वेळाने शेजारणीला म्हणाल्या, "त्वांड माझं हाय, पर बोलतीया कोन?" लोक हसले. त्याही हसल्या आणि मध्येच उठून घरी गेल्या. दुसऱ्या दिवशी नाना भोरहून एसटीने जाऊन त्यांची माफी मागून आले. चूक नानांची नव्हती.

मला ते रागावले नाहीत. फक्त विचारले, "शांतता तरी त्यांच्याच घरची लावलीस ना?"

मी स्टुडिओतली लावली होती.

आता सोहळ्यात हाच चित्रपट नानांचे काम म्हणून दाखवला जाणार आहे. दिग्दर्शक प्रमुख पाहुणे आहेत. मी फोनवर हरकत घेतली, तेव्हा आवाजातले लोकांना कुठे कळते, असे उत्तर मिळाले. पारूबाईंना कळले होते.

नानांचा डावा कान जवळजवळ गेला आहे. उजवा शाबूत आहे. तो शेवटपर्यंत तसाच राहो, आणि नानांना निरोगी, दीर्घ आयुष्य मिळो.

मूळ आवाज माझ्याकडे आहे. तो आणि ते एक मिनिट लावून मी नवी प्रत तयार केली आहे. तिच्यात ध्वनीसाठी नानांचे नाव आहे, माझे सहायक म्हणून. हा लेख छापायचा की नाही, हे समितीने ठरवावे. सोहळ्यात मात्र हीच प्रत दाखवावी आणि पारूबाईंना नानांच्या उजव्या हाताला बसवावे. हे होणार की नाही, ते येत्या गुरुवारपर्यंत मला लेखी कळवावे.