सही नाही केली तर?

"भाऊ सगळे बाहेर. बाकड्यावर बसा, चहा सांगितलाय. मला फक्त बहिणीशी बोलायचंय."

असं म्हणून बाई चष्मा काढायच्या, तो टेबलावर उलटा ठेवायच्या आणि हातातल्या पेनाने दार दाखवायच्या. वसईच्या कोर्टाजवळ झेरॉक्सच्या दुकानावर त्यांचं वकिलीचं ऑफिस होतं. मी तिथे ज्युनियर म्हणून लागले, त्या पहिल्याच दिवशी हे बघितलं. तीन धट्टेकट्टे भाऊ शाळेतल्या मुलांसारखे रांगेने बाहेर गेले. आत उरली ती पदराचं टोक पिळत बसलेली त्यांची बहीण.

बाईंकडे जास्तीत जास्त काम हक्कसोडपत्रांचं. वडील गेले की त्यांच्या जमिनीत मुलीचाही मुलाइतकाच हिस्सा, असं कायदा सांगतो. तो हिस्सा मी राजीखुशीने भावांना सोडते, असं लिहून देणारा हा दस्त. तुमच्याही घरात कधीतरी झाला असेल. आठवून बघा, त्या दिवशी आई किंवा आत्या ठेवणीतली साडी नेसून बाहेर पडली असेल आणि संध्याकाळी फारसं बोलली नसेल.

भाऊ बाहेर गेले की बाई एकच प्रश्न विचारायच्या. "सही नाही केली तर काय होईल?"

उत्तरं तऱ्हेतऱ्हेची यायची. कोणी म्हणायची, "काय होणार, काहीच नाही," आणि रडायला लागायची. एक म्हातारी म्हणाली, "गणपतीला कोनाकडं जाऊ मंग?" विरारच्या फ्लॅटमधून आलेली एक बँकेतली बाई घड्याळ बघत म्हणाली, "मॅडम, मला हाफ डेच आहे, आणा लवकर." तिचा भाऊ मोठा साहेब. बाहेर जायला सांगितल्यावर तो दुखावून म्हणाला होता, "आमच्यात सगळं अंडरस्टँडिंगने असतं हो."

"छान," बाई म्हणाल्या होत्या, "मग ते घेऊन बाहेर बसा."

जवळजवळ सगळ्याच बहिणी सही करायच्या. बाई त्यांना अडवत नसत. नुकती परीक्षा पास झालेली मी एकदा त्यांच्याशी वाद घातला. कायद्याने दिलेला हिस्सा काढून घेणारा कागद आपण बनवायचाच कशाला?

"हक्क म्हटला की तो सोडताही आला पाहिजे ना?" त्या म्हणाल्या. "तिच्या मनात असेल तर मी कोण नको म्हणणारी?"

"पण ती मनापासून सोडते का?"

"तेच मला कळत नाही. म्हणून तर विचारते."

बाई वसईजवळच्या होळी गावच्या. घरची भाजीची वाडी होती, लग्न केलेलं नव्हतं, भावाच्या कुटुंबातच राहायच्या. सकाळी येताना पिशवीत अळूची पानं नाहीतर केळफूल आणायच्या आणि कोर्टातल्या शिपायापासून समोरच्या वकिलापर्यंत कोणालाही द्यायच्या. दावा जिंकल्यावर समोरच्या वकिलाला हमखास केळफूल. तो बिचारा ते बॅगेत कुठे कोंबावं या विचारात पडायचा.

सुगंधा आली ती अशाच एका सकाळी. माहेर चांदीपच्या बाजूच्या एका गावात. नवरा अपघातात गेलेला, दोन मुली, तुळिंजला भाड्याची खोली आणि बाजारात भाजीचा धंदा. भावाला जमीन गोदामासाठी द्यायची होती, म्हणून तिची सही हवी होती. भाऊ आणि आई दोघं तिच्याबरोबर आले होते. नेहमीप्रमाणे दोघांनाही बाहेर बसवलं.

बाईंनी प्रश्न विचारला. सुगंधाने समोरचा कागद उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाली, "मना असं मागता येतं? हिस्सा?"

"येतं."

"पोरींच्या बापाच्या मागं मना कोनी सांगितलंच नाय." तिने पेन उचललं आणि परत ठेवलं. "तुमी काय म्हनता, वकीलबाई? नको करू सही?"

इतकी वर्षं बाईंनी या प्रश्नाचं उत्तर कधी दिलं नव्हतं. "ते तू ठरव" एवढंच म्हणायच्या. त्या दिवशी त्यांनी तिच्या हातांकडे पाहिलं, आणि का कोण जाणे, म्हणाल्या, "नको करू. मी म्हणते, नको करू."

भाऊ आत आला, आवाज चढला, खुर्ची पडली. आई दारातच उभी होती. वाटणीचा दावा दाखल झाला.

दावा चालायचा तसा चालला, रखडत. भावाच्या बाजूने साक्ष द्यायला आईच आली. मुलीला तिचं जे काय ते लग्नातच दिलं, आता तिचा काही संबंध नाही, असं तिच्या प्रतिज्ञापत्रात लिहिलेलं होतं. अंगठा तिचा, वाक्यं वकिलाची. उलटतपासासाठी मी चार पानं प्रश्न काढून दिले होते. बाईंनी ती पानं घडी करून पर्समध्ये ठेवली आणि उठल्या.

"आजी, ती बसलीय ती कोण?"

म्हातारीने सुगंधाकडे बघितलं. "माजी पोर."

"आणि हा?"

"माजा पोर."

"तुमच्या मालकांचीच दोघं?"

"मंग? कोनाची?"

कोर्टात थोडं हसू पसरलं. "एवढंच, साहेब," बाई म्हणाल्या आणि खाली बसल्या.

साक्ष संपल्यावर म्हातारी बाहेर पडताना सुगंधाजवळ थांबली. तिचा हात लेकीच्या डोक्याकडे वर आला. "आये, चल," भाऊ म्हणाला. हात तसाच खाली गेला. मला वाटलं होतं, एवढा झकास उलटतपास झाला, बाई खूश असतील. त्या दुपारी त्यांनी डबाही उघडला नाही.

निकाल सुगंधाच्या बाजूने लागला. मोजणी झाली, रस्त्याकडचा तुकडा तिच्या वाट्याला आला. तो विकून तिने तुळिंजलाच खोली घेतली, स्वतःच्या नावावर. थोरलीला नर्सिंगला घातलं. पेढे घेऊन आली तेव्हा ती मजेत होती. बाईंनी तिला विचारलं, "आई भेटते का?"

"भेटंल. राग उतरंल ना कदी तरी," ती म्हणाली.

पुढच्या उन्हाळ्यात ती परत आली. दारातच उभी राहिली. आई गेली होती. तिला कोणी कळवलंच नाही. गावातून बाजाराला येणाऱ्या एका बाईकडून ऐकलं, ती धावत गेली, तोवर सगळं आटोपलं होतं. भावाने अंगणातही पाऊल टाकू दिलं नाही.

मला वाटलं ती रडेल. ती खुर्चीत नीट बसली आणि म्हणाली, "वकीलबाई, आयेला शेवटचं बगायचा हक्क कोनत्या कलमात हाय? त्याचा दावा टाका."

मी पुस्तकांच्या कपाटाकडे बघितलं. खोटं कशाला सांगू, क्षणभर मी खरंच आठवायला लागले होते.

"असं कलम नाही ग," बाई म्हणाल्या. मग पर्स उचलली. "चल. मी येते तुझ्याबरोबर."

आम्ही तिघी रिक्षाने गेलो. भाऊ ओट्यावर बसला होता, डोकं भादरलेलं. त्याने बाईंना बसा म्हटलं. गावाकडची रीत त्याने सोडली नाही. त्याच्या बायकोने पाणी आणलं. सुगंधा कुंपणापाशी उभी होती.

"दावा तर जिंकलाव," तो म्हणाला. "आता काय रायलं?"

"आज मी वकील म्हणून नाही आले."

"मंग कोन म्हनून आलाव?"

बाईंनी पाण्याचा पेला हातातल्या हातात फिरवला. कोर्टात त्या अशा अडलेल्या मी कधी पाहिल्या नव्हत्या. शेवटी म्हणाल्या, "तिची आई होती रे. तिला दिवसकार्याला तरी येऊ दे."

तो उठला. ओरडला नाही. डोळे लाल झाले होते, तोही रडलेलाच होता. "तिनं जमीन घेतली, आमी आय घेतली," तो म्हणाला. "वाटनी झाली, वकीलबाई."

परतीच्या वाटेत सुगंधा बाहेर रस्त्याकडे तोंड करून बसली होती. खोलीपाशी उतरली, "येते" म्हणाली आणि वळून न बघता गेली. रिक्षा वसईकडे निघाली, तसं बाई म्हणाल्या, "मी सांगायला नको होतं का ग तिला?"

"कायदा तिच्या बाजूने होता, बाई."

"कायदा होता. गाव नव्हतं. आणि तिला दोन्हीत राहायचं होतं."

"मग असला कायदाच नको, असं म्हणायचंय तुम्हाला?"

त्या माझ्यावर एकदम डाफरल्या. "असं परत बोलू नकोस. तो नसता तर मागता येतं हेसुद्धा तिला कळलं नसतं. आयुष्यभर भाड्याच्या खोलीत राहिली असती आणि भाऊबीजेला भावाला ओवाळलं असतं. तेही बरं नव्हतं." मग ऑफिसपाशी उतरताना, "पण हेही बरं नाही झालं."

त्यानंतर बाई बदलल्या. दस्तासाठी कोणी आलं की बहिणीला बाहेर चहा प्यायला पाठवायच्या आणि भावांना समोर बसवायच्या. "तिने हिस्सा मागितला तर दिवाळीला बोलवाल ना? आई आजारी पडली तर कळवाल ना?" भाऊ एकमेकांकडे बघायचे. एकाने म्हटलं, "मॅडम, तुम्ही दस्त करा, हे तुमचं काम नाही." कायद्याप्रमाणे त्याचं बरोबर होतं. हे प्रश्न ऐकले की लोक उठून शेजारच्या ऑफिसात जायला लागले. तिथे काही न विचारता दस्त होत असे. बाईंकडचं काम आटत गेलं. त्यांना ते दिसत होतं. तरी त्यांनी विचारणं सोडलं नाही. एकदाच एक भाऊ म्हणाला, "माहीत नाही, मॅडम. पण विचारलंत ते बरं केलंत." तो दस्त झाला की नाही, ते मला माहीत नाही. त्या घरातलं कोणी परत आलंच नाही.

गेल्या वर्षी बाई हृदयविकाराने अचानक गेल्या. होळीच्या घरासमोर खूप गर्दी होती. काळे कोट होते, वाडीत काम करणाऱ्या बायका होत्या. भिंतीपलीकडे, रस्त्यावर, सुगंधा उभी दिसली. आत येत नव्हती. लोक तिच्या बाजूने जात-येत होते आणि ती प्रत्येकाला वाट करून देत होती.

बाईंच्या वहिनींनी तिला कधी पाहिलेलं नव्हतं. त्यांनी ओळख विचारली नाही. डोळे पुसत फाटकाबाहेर गेल्या, तिचा हात धरला आणि गर्दीतून थेट आत आणून बाईंच्या पायाशी बसवलं.

तिने बाईंच्या पायांवरची चादर सारखी केली. मग परत सारखी केली. उचलायला माणसं आली. कोणीतरी म्हणालं, "ताई, जरा सरका." ती सरकली नाही. पाय दोन्ही हातांत धरून बसून राहिली. वहिनींनी त्या माणसांना हाताने खूण केली, जरा थांबा. आणि सगळे थांबले.